आरोळी आधी, चित्र मागून

रायगडातल्या थळला माझ्या आत्याचं घर मैदानापासून किलोमीटरभर आत, नारळाच्या वाडीत आहे. हिवाळ्यात कबड्डीचे सामने लागले की ओट्यावर स्टीलच्या डब्याला टेकवून मोबाइल उभा राहतो, त्यावर यूट्यूबचं थेट प्रक्षेपण लागतं आणि घरातली पोरं त्याच्याभोवती कोंडाळं करतात. आत्या त्यांच्याकडे पाठ करून सुकट निवडत बसते. तरी निकाल सगळ्यांत आधी तिलाच कळतो. पडद्यावर चढाईला गेलेला पोरगा अजून मध्यरेषा ओलांडत असतो, तेवढ्यात माडांच्या झावळ्यांतून मैदानावरची आरोळी येते. आत्या मान वर न करता म्हणते, "धरला." पोरं तिला गप्प करतात. मग काही वेळाने पडद्यावर उजवा कोपरारक्षक त्या पोराचा पट काढतो आणि पाचजण वर कोसळतात.

आत्याला नुसती आरोळी कळत नाही, आरोळीची जात कळते. बोनस गुणाची आरोळी आखूड असते, तिच्यात थोडी कुरबूरही मिसळलेली असते, कारण पाय रेषेवर पडला की रेषेपलीकडे, यावर दोन्ही बाजूंचं एकमत कधीच नसतं. पकड झाली तर आधी क्षणभर शांतता पसरते. धरलेला पोरगा रेटत, सरपटत मध्यरेषेकडे बोटं लांबवतोय, आणि पंचाचा हात वर जाईपर्यंत सगळं मैदान श्वास धरून आहे, अशी ती शांतता. लोण चढला की मात्र आरोळी थांबतच नाही आणि मागून ताशा सुरू होतो. कोणत्या वाडीने लोण चढवला हेसुद्धा ती ओरडा कुठल्या अंगाने आला त्यावरून सांगते, कारण दोन वाड्यांची माणसं मैदानाच्या समोरासमोरच्या बाजूंना बसतात आणि या बसण्यात वर्षानुवर्षं बदल होत नाही.

याचं गणित सोपं आहे. आवाज हवेतून सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. म्हणजे मैदानावरची आरोळी आत्याच्या ओट्यावर तीनेक सेकंदांत पोहोचते. मोबाइलवरच्या चित्राचा प्रवास लांबचा. कॅमेऱ्याने टिपलेलं दृश्य आधी दाबून लहान करायचं, काही सेकंदांचे तुकडे पाडायचे, मोबाइलच्या रेंजवरून कुठल्यातरी दूरच्या सर्व्हरवर चढवायचे, तिथून ते परत खाली आणायचे. आणि मध्येच चित्र अडकू नये म्हणून बघणाऱ्याच्या फोननेही थोडे तुकडे आधी साठवून ठेवायचे. या सगळ्याला यूट्यूबवर सहज पंधरा-वीस सेकंद लागतात, रेंज रडत असली की त्याहून जास्त. कबड्डीची एक चढाई तीस सेकंदांची. म्हणजे पडद्यावर जी चढाई सुरू होताना दिसते, ती मैदानावर बहुधा संपत आलेली असते.

आयपीएलच्या रात्री हाच खेळ सगळ्या गावात चालतो. डिश असलेल्या घरातून आधी ओरडा येतो, मोबाइलवर बघणाऱ्या घरातून मागून. उपग्रह छत्तीस हजार किलोमीटर उंच असला तरी तिथे जाऊन यायला पाव सेकंदच लागतो. बाकीचा उशीर सगळा चित्राच्या बांधाबांधीत जातो. ट्रान्झिस्टरच्या काळात असं नव्हतं. गावात दहा ट्रान्झिस्टर असले तर दहाही एकाच क्षणी "आणि त्रिफळा उडाला" म्हणायचे. गाव एकदम ओरडायचं. तंत्रज्ञान पुढे गेलं आणि गाव मागेपुढे झालं, हे मला मजेचं वाटतं.

या कबड्डी सामन्यांतल्या संघांना वर्तमानपत्रं 'पारंपरिक प्रतिस्पर्धी' म्हणतात. थळमध्ये कुणी तसं म्हणत नाही. इथे म्हणतात, "आज त्यांची आणि आपली आहे." त्यांची म्हणजे कुणाची ते सांगावं लागत नाही. शेजारची वाडी, शेजारचं गाव. त्यांच्यात आपली मुलगी दिलेली असते, त्यांची आपल्यात आलेली असते, होड्यांवर दोन्हीकडची माणसं एकत्र असतात, आणि वर्षातून या दोन-चार रात्री एकमेकांचं तोंड बघायचं नाही असं ठरलेलं असतं. थळच्या किनाऱ्यावर उभं राहिलं तर समोर दोन बेटं दिसतात, खांदेरी आणि उंदेरी. १६७९ साली शिवाजी महाराजांच्या माणसांनी खांदेरीवर तटबंदी सुरू केली, इंग्रजांनी ती मोडायचा प्रयत्न केला, त्या ऑक्टोबरात त्यांचं 'डव्ह' नावाचं जहाज मराठ्यांच्या हाती लागलं; आणि पुढच्याच वर्षाच्या सुरुवातीला जंजिऱ्याचा सिद्दी समोरच्या उंदेरीवर येऊन बसला. दोन किल्ले, मध्ये चिंचोळं पाणी, आणि किनाऱ्यावरून बघणारी थळची माणसं. खांदेरी २०२५ च्या जुलैत मराठा लष्करी स्थापत्याच्या बारा किल्ल्यांपैकी एक म्हणून युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेला. उंदेरी गेला नाही. शेजाऱ्याशी बरोबरी सुटता सुटत नाही ती अशी.

आता खरा विषय. मैदानाच्या एका अंगाला दोन टेबलं जोडून, त्यावर सतरंजी टाकून, गुणलेखकाच्या शेजारी जो माणूस माइक घेऊन बसतो, तो.

त्याला समालोचक म्हणतात खरं, पण समालोचन हा त्याच्या कामाचा निम्माच भाग. संध्याकाळी सहापासून तो बोलत असतो. पुढच्या सामन्याच्या संघांनी मैदानाजवळ यावं, ही शेवटची सूचना. रस्त्यात लावलेली पांढरी गाडी बाजूला काढावी. प्रेक्षकांनी दोरीच्या मागे बसावं. अमुक साहेबांचं आगमन झालं आहे, मंडळातर्फे शाल आणि श्रीफळ देऊन त्यांचा सत्कार. निळा शर्ट घातलेला लहान मुलगा टेबलाजवळ आहे, पालकांनी घेऊन जावं. चढाई ऐन रंगात आली असताना हातात एक चिठ्ठी येते आणि त्याला वाचावं लागतं की या पकडीवर खूष होऊन अमुक दादांकडून शंभर रुपयांचं बक्षीस. चिठ्ठी वाचेपर्यंत पुढची पकड झालेली असते. रसिक म्हणून मला या चिठ्ठ्यांचा राग यायचा. नंतर लक्षात आलं की ज्याच्या नावाने शंभर रुपये पुकारले, तो पोरगा ते नाव ऐकूनच पुढच्या चढाईत दोन हात जास्त खोल जातो. समालोचन इथे खेळाच्या बाहेर बसून चालत नाही, ते खेळात हात घालतं. आणि शेवटी उत्कृष्ट चढाई, उत्कृष्ट पकड यांच्या जोडीने 'पब्लिक हिरो' नावाचं जे खास आपल्याकडचं बक्षीस दिलं जातं, ते कोणाला मिळणार याचा कल रात्रभर त्या माइकवरूनच तयार होत असतो.

म्हणूनच हा माणूस कुठला, हा प्रश्न नाजूक आहे. शहाणी मंडळं अशा सामन्याला दोन्ही वाड्यांबाहेरचा समालोचक बोलावतात, शक्यतो चार गावं पलीकडचा. शब्द आहे तिऱ्हाईत. एरवी हा शब्द आपण जरा तुटकपणे वापरतो. कबड्डीच्या टेबलावर ती पात्रता ठरते. त्याने एका बाजूच्या पकडीला "काय सुंदर पकड!" म्हटलं तर पुढच्या पाच मिनिटांत दुसऱ्या बाजूचं काहीतरी सुंदर शोधून काढावंच लागतं. पंचाच्या निर्णयावर तो बोलत नाही. "पंचांचा निर्णय अंतिम" एवढंच, तेही कुणी उठून उभं राहिलं तरच. पण तिऱ्हाईत म्हणजे परका नव्हे. त्याला दोन्ही संघांतली पोरं नावाने ठाऊक हवीत, कोणाचा भाऊ कोण, कोण कुठल्या आजोळी वाढला, कोणाचा गुडघा गेल्या मोसमात गेला होता, हे सगळं हवं. मुंबईहून आणलेला गोड आवाजाचा निवेदक इथे चालत नाही, पोरांची टोपणनावं तो चुकीची घेतो आणि लोक हसतात. बोली आपली हवी, वाडी आपली नको. माझ्या मते समालोचनाची यापेक्षा चांगली व्याख्या कुठल्या वाहिनीला अजून सापडलेली नाही.

जगात याच्या नेमकं उलटंही चालतं. अमेरिकेत कॉलेजांचा फुटबॉल, म्हणजे हातात चेंडू घेऊन धावायचा त्यांचा फुटबॉल, हे वेड आहे. मिशिगन आणि ओहायो स्टेट या दोन विद्यापीठांचा सामना १८९७ पासून चालत आलेला आहे. मिशिगनच्या ॲन आर्बरमधल्या मैदानात एका वेळी लाखाहून जास्त माणसं बसतात. तिथे प्रत्येक विद्यापीठाचा रेडिओवर स्वतःचा आवाज असतो आणि तो उघड उघड स्वतःच्याच बाजूचा असतो. मिशिगनचा बॉब उफर हा १९४५ पासून १९८१ पर्यंत बोलत राहिला. तो त्याच विद्यापीठाचा जुना धावपटू. आपल्या संघाने गुण केले की माइकजवळ ठेवलेला भोंगा वाजवायचा. टीव्हीवर दोघांना समान न्याय देणारा राष्ट्रीय समालोचक असतो, म्हणून तिथली कितीतरी घरं टीव्ही मुका करून रेडिओ लावतात. पण आता टीव्हीचं चित्र रेडिओच्या मागे पडतं, आणि आवाज चित्राशी जुळवायला लोक खटपटी करत बसतात. आत्याच्या ओट्यावर जे फुकट घडतं, त्याला तिथे खटपट लागते. उफर थळला आला असता तर दुसऱ्या वाडीने पहिल्याच लोणाला भोंग्यासकट त्याला खाडीत नेलं असतं.

आपल्याकडेही समालोचनाची सुरुवात एका चुरशीच्या सामन्यानेच झाली. मुंबईत १९३४ साली चौरंगी क्रिकेट स्पर्धेतल्या पारशी विरुद्ध मुस्लिम या सामन्याचं धावतं वर्णन ए. एफ. एस. ऊर्फ बॉबी तल्यारखान यांनी रेडिओवरून केलं. हिंदू, मुस्लिम, पारशी, युरोपियन असे धर्मवार संघ. पुढे १९३७ मध्ये 'इतर' हा पाचवा संघ आला आणि ती पंचरंगी झाली. १९४६ मध्ये बंद पडली. बॉबी तल्यारखान स्वतः पारशी. म्हणजे आपल्या देशाचं पहिलं गाजलेलं समालोचन काही तिऱ्हाइताने केलेलं नव्हतं. जेवण आणि चहाची सुट्टी सोडली तर दिवसभर ते एकटे बोलत. माइक दुसऱ्या कुणाशी वाटून घ्यायला ते तयार नसत, आणि एका सामन्याला अनेक समालोचक ही पद्धत आली तेव्हा आकाशवाणीशी त्यांचं बिनसलं. थळच्या टेबलावरचा माणूस संध्याकाळी सहा ते पहाटे दोन एकटाच बोलतो, त्याला तल्यारखानांचं नाव ठाऊक असायचं कारण नाही. पण माइक मागितला की दोघांचीही मान एकाच दिशेला हलत असावी.

ते वर्णन इंग्रजीत होतं. मराठीत क्रिकेट ऐकायची सवय ज्यांनी लावली त्यांत पुण्याच्या बाळ ज. पंडितांचं नाव पहिलं घ्यावं लागतं. आकाशवाणीवरचं त्यांचं समालोचन ऐकत वाढलेली एक पिढी अजून ओट्यांवर बसलेली आहे. पायचीत, धावचीत, यष्टिचीत, निर्धाव षटक, चौकार, षटकार हे शब्द वर्तमानपत्रांच्या क्रीडापानांनी आणि रेडिओने मिळून असे रुळवले की आज ते कोणी मुद्दाम घडवलेत हेच विसरायला होतं. त्रिफळा तर थोर आहे. हिरडा, बेहडा, आवळकाठी यांचं चूर्ण एका बाजूला आणि तीन यष्ट्यांचा उडालेला बोजवारा दुसऱ्या; मराठी माणसाला दोन्हींचा परिणाम सारखाच वाटतो.

कबड्डीला तर शब्द बाहेरून आणावेच लागले नाहीत. चढाई, पकड, लोण, निदान रेषा, साखळी, हनुमान उडी. 'सुपर टॅकल'ला मराठी क्रीडापानांनी 'अव्वल पकड' असा छान शब्द दिला. पण थळच्या मैदानावर बसलेली पंधरा वर्षांची पोरं 'सुपर टॅकल' असंच ओरडतात, कारण त्यांच्या कानावर कबड्डी आली ती प्रो कबड्डीतून. समालोचक दोन्ही शब्द वापरतो. एकदा अव्वल पकड म्हणतो, लगेच सुपर टॅकल म्हणतो, म्हणजे आजोबा आणि नातू दोघांचीही सोय.

प्रो कबड्डी लीग २६ जुलै २०१४ ला मुंबईत सुरू झाली. पहिलाच सामना यू मुंबा आणि जयपूर पिंक पँथर्स यांचा. महिनाभराने अंतिम सामनाही याच दोघांत झाला आणि त्यात जयपूर जिंकलं. यू मुंबाने पुढच्या वर्षी विजेतेपद घेतलं, पुणेरी पलटणला त्यासाठी २०२४ च्या मार्चपर्यंत थांबावं लागलं. या दोघांच्या सामन्याला आता 'महाराष्ट्र डर्बी' म्हणतात. थळ या डर्बीत कोणाच्या बाजूला? भूगोलाने मुंबईच्या: मांडव्याहून भाऊच्या धक्क्याला जाणारी गाड्यांची रो-रो बोट २०२० पासून सुरू आहे, मुंबई पुण्याहून कितीतरी जवळ. तरी आत्याच्या घरात निम्मी पोरं पलटणची आहेत. कारण विचारलं तर कोणीच नीट सांगत नाही. माझा तर्क असा की शेजारच्या वाडीतली पोरं मुंबाची आहेत, एवढं पुरेसं आहे.

ही डर्बी बघायची कशी, हा घराघरातला वेगळा वाद. डिशच्या पॅकेजमध्ये स्टार स्पोर्ट्स असेल तर टीव्हीवर. नसेल तर जिओहॉटस्टारवर, म्हणजे महिन्याचं किंवा वर्षाचं पैसे भरलेलं खातं कुणाकडे आहे ते शोधा आणि त्याच्याकडून पासवर्ड मागा. जिओसिनेमा आणि हॉटस्टार २०२५ च्या फेब्रुवारीत एकत्र आले, तेव्हा ज्यांनी एकाचे पैसे भरले होते त्यांना आता दोन्हीकडचं मिळेल की काय, याच्यावर थळ बाजारात बरीच चर्चा झाली. दूरदर्शनचा फुकट पर्याय क्रिकेटसाठी लोकांना ठाऊक आहे: राष्ट्रीय महत्त्वाच्या ठरवलेल्या सामन्यांचं प्रक्षेपण खासगी वाहिन्यांनी प्रसार भारतीला द्यायचं, असा २००७ चा कायदा आहे. मुंबई-पुण्याची कबड्डी कितीही जिवाची असली तरी राष्ट्रीय महत्त्व तिच्या वाट्याला आलेलं नाही.

भाषेचा पर्याय मात्र वाढला. २०२३ च्या आयपीएलला जिओसिनेमाने बारा भाषांत समालोचन दिलं, त्यात मराठी होतं. केदार जाधव तिथे मराठीतून बोलत होता आणि मोसमाच्या मध्यातच बंगळुरूच्या संघाने जखमी खेळाडूच्या जागी त्याला खेळायला बोलावलं. माइक ठेवला आणि बॅट उचलली. थळमध्ये यात कुणाला नवल वाटलं नसावं. इथे सामना हरून बाहेर पडलेल्या संघाचा कप्तान पुढच्या सामन्याला टेबलावर येऊन बोलताना दिसतोच. मला त्या मराठी समालोचनाबद्दल एकच तक्रार आहे: बोली आपली होती, पण खेळाडूंच्या घरची माणसं त्यांना ठाऊक नव्हती. कशी असणार? तिथला अर्धा संघ लिलावातून आलेला.

गावच्या सामन्याचं थेट प्रक्षेपण करणारी पोरं ही आता मंडपवाल्याइतकीच गरजेची झाली आहेत. एक कॅमेरा बांबूच्या मचाणावर, दुसरा अंतिम रेषेच्या मागे, एक लॅपटॉप, दोन वेगवेगळ्या कंपन्यांची सिमकार्डं, आणि वीज गेली तर जनरेटर. पडद्याच्या खालच्या पट्टीत गुण आणि देणगीदारांची नावं. समालोचकाचा आवाज मैदानावरच्या भोंग्यांतून न घेता सरळ मिक्सरमधून वायरने घेतला तर घरी स्वच्छ ऐकू येतो. पण मग गर्दीचा आवाज मागे पडतो आणि सामना रिकाम्या मैदानावर चालल्यासारखा वाटतो. म्हणून चांगली पोरं गर्दीसाठी वेगळा माइक खांबाला बांधतात. हे त्यांना कुणी शिकवलेलं नाही. चुकत चुकत, लोकांच्या शिव्या खात ती शिकली.

बघणारे कोण? मैदानावर येऊ शकतात ते मैदानावरच असतात. पडद्यावर असतात मुंबईत चाळीत आणि डोंबिवलीत राहणारे, आखातात कामाला गेलेले, जहाजावरचे खलाशी, आणि बायका. हे शेवटचं लिहिताना मी थोडा थांबलो. मुलींचे संघ आहेत, रायगडच्या मुली कबड्डी चांगली खेळतात, तरी रात्री दोनपर्यंत दोरीमागे बसलेली गर्दी बहुतांशी पुरुषांची. टेबलावर तर बाई मी अजून पाहिलेली नाही. इंदूरच्या चंद्रा नायडू, कर्नल सी. के. नायडूंची कन्या, सत्तरच्या दशकात क्रिकेटचं समालोचन करत होत्या. भारतातल्या पहिल्या महिला क्रिकेट समालोचक म्हणून त्यांचं नाव घेतात. आमच्या आत्याला आरोळीवरून पकड ओळखता येते, कोणाचा भाऊ कोण हे तर चार गावांचं पाठ आहे. अडचण एकच. ती तिऱ्हाईत नाही. तिचं माहेर एका वाडीत आणि सासर दुसऱ्या. मी हे तिला म्हटलं, तर ती म्हणाली, "म्हणजे दोन्हीकडची झाले ना मी?" यावर मला अजून उत्तर सुचलेलं नाही.

समुद्रावर गेलेल्यांचा प्रश्न वेगळा. होडी लांब गेली की चित्र आधी अडकतं, मग आवाज तुटतो, मग नुसता फोन लागतो, आणि शेवटी तोही नाही. मधल्या टप्प्यात होडीवरून घरी फोन येतो, "काय झाला?" एवढंच. घरातलं पोरगं मोबाइल कानाला लावून धावतं वर्णन सुरू करतं: तिसरी चढाई, तीन गडी आत, बोनस नाही, आता आत घुसला. त्याच्यासमोर पडदा असतो, पण वर्णन तो आत्याकडे बघून करतो. पडद्यावर थांबलं तर होडीची रेंज जाईल.

गेल्या मोसमातल्या एका रात्री अंतिम सामना संपला तेव्हा पावणेदोन झाले होते. आपली हरली होती. कुठली आपली, ते आत्याच्या घरात विचारायची सोय नाही. बक्षीस समारंभही उरकला. पोरं ओट्यावरच आडवी झाली, मोबाइल तसाच डब्याला टेकलेला. पडद्यावर रिकामं मैदान, खुर्च्या रचणारे चारजण, आणि कोपऱ्यात 'सहाजण पाहत आहेत' असा आकडा. समालोचकाचा घसा बसला होता तरी माइक त्याच्याच हातात होता. झावळ्यांतून आवाज आला, टेबलाजवळ चाव्यांचा एक जुडगा सापडला आहे, लाल रिबीन बांधलेली आहे, ज्यांचा असेल त्यांनी घेऊन जावा. आत्याने कमरेला हात लावून पाहिला, मग पायात चपला सरकवल्या. मोबाइलमधून तेच वाक्य आलं तेव्हा ती फाटकाबाहेर पोहोचली होती.